पारा, पाणी, माणसं

आमच्या ऑफिसात एकच पंखा धड चालायचा आणि चाचा त्याच्याखाली कधीच बसले नाहीत. मी तिथं पेपरची पानं लावायच्या कामाला लागले त्याच दिवशी दुपारी एक उंच, पाठीत वाकलेला माणूस दारात उभा राहून छताकडे बघताना दिसला. मला वाटलं पाल असेल. तो आत आला, माझ्या खुर्चीमागे उभा राहिला आणि म्हणाला, "बेटा, खुर्ची जरा भिताडाकडं वढ. त्या पंख्याच्या हुकावर माझा इश्वास न्हाई."

मी खुर्ची भिंतीकडे ओढली. का ओढली ते सांगता यायचं नाही. चाचांच्या आवाजात चेष्टा नव्हती, एवढं आठवतं.

इतका भित्रा माणूस मी दुसरा पाहिला नाही. कुत्री, विजा, दवाखान्यातली सुई, गॅसची टाकी, उसानं भरलेल्या डोलणाऱ्या ट्रॉल्या, या सगळ्यांची त्यांना भीती वाटायची आणि ती ते लपवत नसत. लोक 'तहान लागली' म्हणतात तसं ते 'मला भ्या वाटतंय' म्हणायचे. एकदा एसटीचा ड्रायव्हर मोबाइलवर बोलत गाडी चालवत होता, तर हे मधल्याच फाट्यावर उतरले आणि पुढच्या गाडीसाठी दोन तास उन्हात उभे राहिले. उतरताना कंडक्टरला म्हणाले, "गाडी चांगली हाय तुमची. मला भ्या वाटतंय म्हणून उतरायलोय." ऑफिसातली मंडळी मुद्दाम त्यांच्या पाठीमागे फुगा फोडायची. ते दचकायचे, छातीवर हात ठेवायचे, "लई भ्यालो बे," म्हणायचे आणि आपल्या टेबलाशी जाऊन अशी बातमी लिहायचे की दुसऱ्या दिवशी सकाळपासून मालकांचा फोन वाजत राहायचा.

आमचं बीडचं दैनिक लहान. मालक तेच संपादक, चार बातमीदार, आणि पानं लावणारी मी. चाचांना बातमीचं खातं कुणी वाटून दिलेलं नव्हतं. त्यांनीच ते घेतलं होतं: वीज, पाणी, ऊन आणि वारा. राजकारणाला हात लावत नसत. "त्ये लिवनारे लई हायती," म्हणायचे. त्यांच्या वडलांचं जुन्या बाजारात मोटारी भरायचं दुकान होतं. जळालेल्या पंपाची तार उलगडायची, नवी गुंडाळायची, वरून वार्निश ओतायचं. लहानपण त्यांचं तिथं गेलेलं, त्यामुळे विजेतलं त्यांना कळायचं. कुठल्या गावाचा डीपी, म्हणजे ट्रान्सफॉर्मर, का जळतो, कोणत्या फीडरवरची वीज कागदावर एकीकडे जाते आणि प्रत्यक्षात दुसरीकडे, हे ते खांबाखाली उभं राहून सांगायचे. खांबाला हात मात्र कधी लावायचे नाहीत. "करंट दिसत न्हाई बेटा. त्यानं धरलेला मानूस दिसतो."

दर बुधवारी ते शिरूर कासारच्या पलीकडं, डोंगराच्या कुशीतल्या एका गावाला जायचे. एसटीनं फाट्यापर्यंत, तिथून चालत. पिशवीत एक भिंतीवर टांगायचा थर्मामीटर, गाठी मारलेली सुतळी आणि निळ्या पुठ्ठ्याची वही. गावातल्या कडुनिंबाखाली थर्मामीटर टांगायचा, बारा वाजता पारा बघायचा. विहिरीत सुतळी सोडून पाणी कितव्या गाठीला लागतं ते बघायचं. आणि मग गल्लोगल्ली फिरून त्या वेळी गावात हजर असलेली माणसं मोजायची, अंथरुणावरची म्हातारीसुद्धा. हे त्यांनी अकरा वर्षं केलं. गुरुवारी चार नंबरच्या पानावर, अगदी खाली, माझ्या हातानं एक चौकट लागायची. तिचं नाव 'पारा, पाणी, माणसं'. तीन ओळी. बाकी काही नाही.

मालक कुरकुरायचे. "चाचा, या चौकटीच्या जागी एक छोटी जाहिरात बसते."

"बसवा की," चाचा म्हणायचे. "पर मग वीस वर्सांनी कुनी इचारलं, ऊन कवा वाढलं, तर जाहिरात दाखवा त्याला."

एकदा जानेवारीत मी त्यांच्याबरोबर गेले. त्या दुपारसारखी दुपार मी पुन्हा पाहिली नाही. गाव होतं, पण गावात कोणी नव्हतं. दसऱ्यानंतर सगळे कोयते घेऊन ऊसतोडीला गेलेले. दारादाराला कुलूप, ओट्यांवर धूळ. कुत्री तेवढी आमच्यामागून चालत होती आणि चाचा माझा हात धरून चालत होते. लांबच्या डोंगरावर दुसऱ्या गावाच्या हद्दीत पवनचक्क्या फिरत होत्या. त्यांचा आवाज आधी कळत नाही. मग एकदा कळला की थांबत नाही. कुणीतरी मोठ्या झोपेत श्वास घेतंय आणि आपण त्याच्या अंगणात उभे आहोत, असं काहीतरी मला वाटलं.

एका ओट्यावर कौसाबाई नावाची आजी शेळ्या राखत बसली होती. मुलगा, सून सगळे कारखान्यावर. चाचांना बघून म्हणाली, "आज किती हाय रं पारा, भाऊ?"

"बगतो की."

"बगू नगंस. शेळ्या दहा वाजताच सावलीला बसायल्यात. आदी बारापतोर चरायच्या." तिनं लांबच्या डोंगराकडं बोट केलं. "ती चाकं आता हिकडच्या डोंगरावर येनार म्हनत्यात. खरं का?"

"मला न्हाई म्हाईत," चाचा म्हणाले.

"आमच्या शेळ्या कुटं जातील मग?"

चाचांनी वहीत तिचं एक माणूस लिहिलं आणि पुढे गेले.

परतताना एसटीत मी विचारलं, पवनचक्क्यांना तुमचा विरोध आहे का? त्यांना तो प्रश्न आवडला नाही. "इरोध कावून आसंल? कोळसा जाळून जाळून तर हे ऊन वाढलं. वाऱ्याची वीज पायजेच. म्याच लिवलं व्हतं पैल्यांदा, आपल्या डोंगरावर वारा हाय म्हनून." मग त्यांनी पिशवी मांडीवर घेतली. "पर चांगल्या कामाला चोरीचा डोंगर कावून लागतो, त्ये मला कळंना."

पुढच्या सप्टेंबरात माहितीच्या अधिकारात मागितलेले कागद त्यांच्या हातात पडले. मी पान लावत होते. ते येऊन माझ्यासमोर बसले, चहा नको म्हणाले आणि एक झेरॉक्स पुढे सरकवली. त्या गावच्या विशेष ग्रामसभेचा ठराव होता. गावचं गायरान, म्हणजे कौसाबाईच्या शेळ्या चरायच्या तो डोंगर, पवनचक्क्यांसाठी द्यायला गावाची हरकत नाही. खाली दोनशेच्या वर सह्या आणि अंगठे.

"तारीख बग."

फेब्रुवारीतला एक बुधवार होता.

मी संगणकात त्या गुरुवारचं चार नंबरचं पान काढलं. तळाशी माझीच चौकट होती. पारा, पाणी, आणि तिसऱ्या ओळीत: हजर माणसं सव्वीस.

चाचांनी झेरॉक्स उलटी करून ठेवली. "बेटा," ते म्हणाले, "मला लई भ्या वाटतंय. ही गोष्ट म्हाईत असलेला मानूस जिल्ह्यात मी एकलाच हाय. आन आता तू."

पवनचक्क्यांची कंपनी कुठली तरी बाहेरची होती. तिला ठराव कुठून आला याच्याशी देणंघेणं नव्हतं. तिला डोंगर मिळवून देणारा ठेकेदार मात्र आपल्याकडचा. तालुक्यात त्याला कोणी नावानं हाक मारत नसे, 'साहेब' म्हणत. मी त्याला लांबून एकदोन लग्नांत पाहिलं होतं. जवळून पाहिलं ते त्यानंतर आठच दिवसांनी.

दुपारची वेळ. चाचा कलेक्टर कचेरीत गेलेले, मालक बाहेरगावी. तो एकटाच जिना चढून आला, हातात सीताफळांची छोटी पाटी. माझ्यासमोरची खुर्ची ओढून बसला. मांडीवर रुमाल पसरला, एक सीताफळ फोडलं आणि खाऊ लागला. एकेक बी तोंडातून काढून रुमालावर ओळीत ठेवत होता.

"ताई, पानं तुमीच लावता म्हनं."

"हो."

"लई बारीक काम. डोळे जात असतील." अजून एक बी. "मुलगी आठवीत ना तुमची? ब तुकडी. सव्वापाचला सुटती. रिक्षा न्हाई लावली, ते बरं केलं. पोरींनी चालावं."

मी संगणकाच्या पडद्याकडे बघत राहिले.

"फेब्रुवारीतलं ते चार नंबरचं पान. जुनं झालं आता. उगंच जागा आडवून बसतंय कंप्युटरात." त्यानं रुमालाची चारी टोकं जुळवून गाठ मारली, उठला, पाटी माझ्याकडे सरकवली. "घरी न्या. पोरीला आवडतेत."

तिला सीताफळ आवडतं हे खरं होतं. त्याला कुणी सांगितलं, ते मला आजही माहीत नाही.

तो जिन्यावरून खाली पोचायच्या आत मी ते पान पुसलं. नंतर पुसलेल्या फायलींच्या टोपलीतूनही काढलं. तेवढं त्यानं सांगितलंही नव्हतं. बोट अजिबात थरथरलं नाही. छापील अंकांची ऑफिसातली गठडी बघायला गेले तर फेब्रुवारीची गठडी जागेवर नव्हती. आमचा पेपर नेटवर जात नसे. वाचनालयात महिनाभर टांगतात आणि मग रद्दीत. राहिली ती फक्त चाचांची निळी वही. दोनच दिवसांपूर्वी मी त्यांना म्हटलं होतं, द्या, मी तिचे फोटो काढून ठेवते. "उद्या," म्हणाले होते. मी पुन्हा आठवण केली नाही.

त्या संध्याकाळी सीताफळं मी घरी नेली. मुलीनं तीन खाल्ली. मी तिच्यासमोर बसून बघत राहिले आणि दुसऱ्या दिवसापासून नवरा एसटीच्या डेपोतून सुट्टी काढून तिला शाळेत सोडायला जाऊ लागला. त्याला मी खरं कारण सांगितलं नाही. कुत्री मागं लागतात म्हणाले.

चाचांनाही सांगितलं नाही.

दसऱ्याला चार दिवस होते तेव्हा त्यांना एक फोन आला. युसूफ वडगाव या गावाहून बोलतोय, आमच्याकडंही असेच खोटे अंगठे झालेत, कागद देतो, मांजरसुंब्याला या. चाचा माझ्याकडे आले. शर्टाच्या आत, पोटाशी वही खोचलेली. तेव्हा ते ती कुठंच ठेवत नसत, झोपतानाही काढत नसत.

"मला भ्या वाटतंय," ते म्हणाले. "आवाज बरोबर न्हाई त्या मानसाचा."

"मग जाऊ नका, चाचा."

"खरंच कागद आसंल तर?" त्यांनी पिशवी खांद्याला लावली. "चार वाजेपतोर फोन न्हाई आला तर मालकांना सांग."

ते गेल्यावर मी काय काय केलं ते मला लख्ख आठवतं. वाढदिवसाच्या शुभेच्छांचं एक पान लावलं. त्यात चार ठिकाणी तोच फोटो दोनदा पडला. बारा वाजले, एक वाजला. दोन वाजता त्यांना फोन लावला, लागला नाही. मी उठून दाराशी जायची, परत बसायची. रस्त्यावर जीपचं दार वाजलं की जिन्याच्या टोकाशी जाऊन खाली बघायची. तीन वाजता मालकांना फोन केला. मालक म्हणाले, "येतील, ऊन आहे, बसले असतील कुठंतरी."

ऊन होतं हे खरं, पण ते आपणहून बसले नव्हते.

मांजरसुंब्याच्या एका ढाब्यामागे त्यांना जीपमध्ये बसवलं, "कागद घेऊन मानूस येतोय, बसा" म्हणून. काचा वर केल्या, दारं बाहेरून लावली. चौघं जण समोर झाडाखाली बाजेवर बसून जेवत होते. त्यांनी शिवी दिली नाही, हात लावला नाही. एकदोनदा चाचांनी काच वाजवली तर एकानं हात वर करून 'आलो, आलो' अशी खूण केली. ऑक्टोबरची दुपार. आधी घाम आला, मग येईनासा झाला. किती वेळ गेला ते त्यांना सांगता आलं नाही. शेवटी दार उघडून एकानं त्यांना थंड पाण्याची बाटली दिली, शर्टातून वही काढून घेतली आणि म्हणाला, "चाचा, ऊन लई वाढलंय. घरीच बसत जा."

एका फळवाल्यानं त्यांना टेम्पोत घालून बीडला आणलं.

संध्याकाळी मी दवाखान्यात गेले. सलाइन लावलेली. सुईला घाबरणारा तो माणूस सुईकडे बघतसुद्धा नव्हता. मला बघून म्हणाले, "पिशवीत थर्मामीटर व्हता. काढून बगितला म्या. त्याची पट्टी पन्नासावर संपती, बेटा. पारा पार वर जाऊन टेकला. पुढं किती, ते कळलं न्हाई." आणि ते रडायला लागले. लहान मूल रडतं तसे, तोंड उघडून. त्यांच्या बायकोनं पदर त्यांच्या तोंडाला लावला.

पोलिसांत जाऊ म्हटलं. "काय लिवनार?" त्यांनी विचारलं. "मारलं न्हाई. पानीसुद्दा दिलं."

थोड्या वेळानं शांत झाले. डोळे मिटून म्हणाले, "वही गेली तर जाऊ दे. तुझ्या कंप्युटरात हाय ना पान."

बाहेर व्हरांड्यात कुणीतरी स्ट्रेचर ढकलत नेत होतं. ते लांब जाईपर्यंत मी थांबले. मग सगळं सांगितलं. सीताफळं, शाळा, तो रुमाल. पान मीच पुसलं, हे.

त्यांनी डोळे उघडले. रागावतील असं वाटलं होतं. रागावले असते तर सोपं गेलं असतं. त्यांनी विचारलं, "लई भ्यालतीस?"

"हो."

"मला कावून न्हाई सांगितलंस?"

"लाज वाटली."

मग त्यांनी मला ती गोष्ट सांगितली. पंचवीस वर्षांपूर्वीची. ते तेव्हा नवे बातमीदार होते. विजेच्या कामाच्या दुसऱ्याच एका ठेकेदाराकडचा एक हेल्पर खांबावर चढला असताना खालून कुणीतरी लाइन चालू केली. पोरगा तारेला चिकटूनच मेला. चाचांनी सगळं शोधलं, कुणी चालू केली, कुणाच्या सांगण्यावरून. बातमी लिहायला बसणार त्या सकाळी तो ठेकेदार वडलांच्या दुकानात आला. मोटार दुरुस्तीला टाकली, इकडंतिकडं बघितलं आणि म्हणाला, "दुकान समदं लाकडी हाय की तुमचं." एवढंच.

"म्या लिवलं, पाय घसरून पडल्यानं मृत्यू. घरात बी कुनाला सांगितलं न्हाई कावून लिवलं. म्या भ्यालोच न्हाई असं दाखवलं. आठ दिवसांनी त्या मेलेल्या पोराची बायको पेपर घेऊन आली. ती वाचत न्हवती, कुनाकडनं तरी वाचून घेतलं व्हतं. म्हनली, भाऊ, त्यांचा पाय कवाच घसरत न्हवता." मी पाणी दिलं. "तवापासनं बेटा, भ्या वाटलं की म्या मोठ्यानं सांगतो. कुत्र्याचं भ्या, पंख्याचं भ्या, समदं. लोक हसत्यात. हसू दे. पोटात ठिवली की ती भीती आपल्याच हातानं काम करती. तुझ्या हातानं केलं तसं."

मी घरी गेले आणि नवऱ्याला सगळं सांगितलं. तो म्हणाला, "पोरीला मी सोडतो, मीच आणतो. तुला काय करायचं ते कर." त्याचाही चेहरा उतरला होता.

करायला वेळ थोडाच होता. पान गेलं, वही गेली. आता साक्ष देणारी माणसं होती ती स्वतः त्या गावचीच, ज्यांचे अंगठे होते ती. आणि दसरा झाला की ती पुन्हा ऊसतोडीला जाणार, मग उन्हाळ्यापर्यंत तिथं कुलपंच.

दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी मी ठरावाची झेरॉक्स घेऊन एकटी गेले. एसटीत शेजारी बसलेल्या अनोळखी बाईला मी म्हटलं, "मावशी, मला भीती वाटतेय." ती म्हणाली, "खिडकीशी बसायचं का?" आणि जागा बदलून दिली.

गावात गडबड होती. दोन ट्रॅक्टर लागले होते, ट्रॉल्यांत पत्रे, भांडी, सरपण भरणं चाललेलं. मी कौसाबाईच्या ओट्यावर बसून नावं वाचायला लागले. लोक जमले. आपलं नाव ऐकून कुणी हसलं, कुणी शिवी घातली. पण सांगता का, म्हटल्यावर मागे सरकले. एक जण स्पष्टच म्हणाला, "ताई, तो साहेब आमाला उसाला नेनाऱ्या मुकादमाचा बी मुकादम हाय. आमचं नाव छापलं तर उद्या ट्रॅक्टरात कोन घेईल आमाला?"

त्याचं खरंच होतं.

कौसाबाईची सून ट्रॉलीत पातेली रचत होती. सुमन तिचं नाव. ती हातातलं काम न सोडता म्हणाली, "माजं हाय का त्यात?"

होतं. नावापुढे अंगठा.

ती खाली उतरली. कागद हातात घेऊन अंगठ्याकडं बघत राहिली. "मी सातवी शिकलेय. मला सही येती. मी अंगठा कावून लावीन?" तिचा आवाज चढत गेला. "माज्या सहीला काय झालं? आँ? आनि त्या दिवशी मी उसाच्या फडात व्हते. कोयता लागून इथं चिरलं व्हतं." तिनं पोटरी दाखवली. "द्या पेन."

माझ्या वहीत तिनं सही केली. हळूहळू, एकेक अक्षर, वरची रेघ शेवटी ओढली. "लिवा माजं नाव. सासूच्या शेळ्या हायती त्या डोंगरावर."

तिच्यामागून एकतीस जणांनी सांगितलं. सगळ्यांनी नाही. ट्रॅक्टर सुरू झाले तेव्हा सुमन ट्रॉलीच्या कडेला बसली होती. तिच्या शेजारी कुणी बसलं नव्हतं.

मालकांनी बातमी दोन दिवस धरून ठेवली आणि मग पहिल्या पानावर नको, आतल्या पानावर लावा म्हणाले. चाचांच्या नावाखाली माझं नाव घातलं. माझं नाव पेपरात पहिल्यांदाच आलं आणि मी तो अंक घरात आणला नाही. चौकशी लागली. मुकादमानं सुमनला त्या हंगामात अर्ध्यातून परत पाठवलं, असं मला पुढे कळलं. हे मी कधी विसरू शकले नाही, चाचाही नाही.

पुढे ठराव रद्द झाला. तो डोंगर अजून मोकळा आहे. शेजारच्या गावात मात्र चक्क्या उभ्या राहिल्या, आणि तिथल्या ठरावाची तारीख कुणी तपासलेली नाही. ठेकेदार अजून लग्नांत दिसतो, मला नमस्कार करतो. चाचा दोन हिवाळ्यांपूर्वी औरंगाबादला मुलीकडे वारले, साखरेच्या आजारानं. जीपमधल्या त्या दुपारनंतर त्यांच्यानं पुन्हा बुधवारचा फेरा झाला नाही. आता कुणी गावात जाऊन माणसं मोजत नाही.

मला त्यांचं शेवटचं जे रूप दिसतं ते तहसील कचेरीतलं. चौकशीची तारीख मे महिन्यात लागली. सगळ्यांना खात्री होती की ते येणार नाहीत. मालक म्हणाले, "तो माणूस मांजराला घाबरतो." मी व्हरांड्यातल्या बाकड्यावर बसले होते, समोरच्या बाकड्यावर ठेकेदार आणि त्याची माणसं. दहाच्या सुमारास चाचा एकटेच आले. फार वाळले होते. सगळा व्हरांडा ओलांडून माझ्याशेजारी बसेपर्यंत त्यांच्या चपलांचा आवाज ऐकू येत होता. ठेकेदार उठला, पाण्याची बाटली उघडून त्यांच्यापुढे धरली. "घ्या चाचा. ऊन लई हाय."

चाचांनी बाटलीकडे बघितलं. बाटली त्यांनी घेतली नाही.

आम्हाला एकदमच आत बोलावलं, ठेकेदारालाही. चौकशी करणाऱ्या अधिकारी बाई तरुण होत्या. कारकून कागदावर हातानंच लिहून घेत होता. बाईंनी चाचांना बसायला सांगितलं, ते बसले नाहीत. टेबलाची कड धरून उभे राहिले.

"तुम्ही त्या दिवशी गावात होता का?"

"सांगतो बाईसाहेब. त्याच्या आदी एक लिवून घ्या." त्यांनी ठेकेदाराकडे बोट केलं. बोट इतकं थरथरत होतं की ते नक्की कुणाकडे आहे हे कळायला क्षण लागला. "मला ह्या मानसाचं भ्या वाटतं."

ठेकेदार हसला. कारकुनानं पेन थांबवलं. "हे लिहायचं का, मॅडम?"

"पैल्या वळीत लिवा," चाचा म्हणाले. "त्याच्याबिगर पुढचं खरं वाटनार न्हाई कुनाला."

बाईंनी कारकुनाकडे बघून मान हलवली. पेन कागदावर चालल्याचा आवाज आला. मग चाचांनी सगळं सांगितलं, सव्वीस माणसं एकेक करून नावासकट, वहीशिवाय, तोंडपाठ. पंधरा-वीस मिनिटं लागली असतील. संपल्यावर त्यांचा शर्ट पाठीला चिकटला होता. ते खुर्चीत बसले आणि दोन्ही हात मांडीखाली दाबून ठेवले.

कारकुनानं नवा कागद घेतला. माझं नाव विचारलं, काम विचारलं. पानं लावते, मी म्हणाले.

"त्या तारखेचं छापील पान तुमच्या संगणकात होतं, असं यांनी सांगितलं," अधिकारी बाई म्हणाल्या. "ते कुठं आहे?"

चाचा माझ्याकडे बघत नव्हते. ठेकेदार बघत होता.

"मी पुसलं," मी म्हणाले. "या ठेकेदारांनी माझ्या मुलीची शाळा सुटायची वेळ सांगितली, आणि मी पुसलं."

कारकुनानं मान वर केली नाही. तो लिहीत होता.